बंद कान, उघडा माळ

काही सरड्यांना कान नसतात. म्हणजे जबड्याच्या मागे, डोक्याच्या कडेला जिथे पातळ पडदा किंवा भोक दिसायला हवं, तिथे बाकीच्या अंगासारखेच खवले असतात. कुंपणावरचा आपला नेहमीचा सरडा नीट पाहिला तर डोळ्यामागे तो वाटोळा पडदा स्पष्ट दिसतो. अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडच्या वाळवंटात आणि कोरड्या गवताळ सपाटीवर राहणाऱ्या होलब्रूकिया वंशातल्या सरड्यांना तो नाही. शार्ल जिरार यांनी १८५१ मध्ये या वंशाला जॉन एडवर्ड्स होलब्रूक या वैद्य आणि सरीसृपशास्त्रज्ञाचं नाव दिलं. तेव्हापासून त्यांची ओळख एका उणिवेवरूनच होत आली आहे: बिनकानी सरडे.

त्यांच्याविषयी वाचताना माझ्या मनात मात्र न्हावऱ्याचा माळ येतो. शिरूर तालुक्यातलं हे गाव घोड आणि भीमा या दोन नद्यांच्या मधल्या पट्ट्यात आहे. भीमा ओलांडली की दौंड तालुका. सह्याद्रीने ढग अडवल्यावर जो पाऊस उरतो तो इथे पडतो, वर्षाकाठी पाचशे मिलिमीटरच्या आसपास. आता चासकमानच्या कालव्याचं पाणी आहे, न्हावऱ्यातच घोडगंगा साखर कारखाना आहे, त्यामुळे रस्त्याने जाणाऱ्याला दोन्ही बाजूंना ऊस दिसतो. पण कालव्याचं पाणी जिथे चढत नाही तिथे जुना माळ शिल्लक आहे: मुरूम, कुसळी गवत, तरवड, हिवर, बोरीची झुडपं, मधूनच उघडा पडलेला काळा दगड. सातबाऱ्यावर अशी जमीन बऱ्याचदा पोटखराब्यात जाते. तिचीही नोंद अशी उणिवेनेच होते. पीक नाही, पाणी नाही, झाड नाही.

बिनकानी सरड्याला कान का नाहीत, याचं पुस्तकात हमखास भेटणारं उत्तर सोपं आहे. तो वाळूत स्वतःला गाडून घेतो, भोक उघडं राहिलं तर वाळू आत जाईल, म्हणून ते बुजलं. उत्तर पटकन पटतं. राजस्थानात जैसलमेर जिल्ह्यातल्या लोंगेवाल्याच्या टेकड्यांवरचा बेडूकतोंड्या सरडा त्याला पुष्टी देतो. आर. सी. शर्मा यांनी १९७८ मध्ये वर्णन केलेला हा सरडा अंग थरथरवत बघता बघता वाळूत उतरतो, आणि त्याच्याही कानाचा पडदा बाहेरून दिसत नाही. इराण आणि मध्य आशियातल्या वाळवंटांत त्याचे जे नातलग आहेत, त्यांचंही तसंच. दोन खंड, एकमेकांपासून दूरची दोन कुळं आणि एकच उपाय. इथेच थांबलं तर गोष्ट पूर्ण झाल्यासारखी वाटते.

पण होलब्रूकियाचे जवळचे नातलग पाहिले की ती उसवते. त्याच्या कुटुंबात उमा नावाचा वंश आहे. उमाचे सरडे सर्वांत सैल, सर्वांत वाहत्या वाळूत राहतात, पाठलाग झाला तर वाळूत सूर मारतात, बोटांना झालरीसारखे खवले असल्यामुळे भुसभुशीत उतारावर रुतत नाहीत. वाळूशी इतकी जवळीक त्या घराण्यात दुसऱ्या कुणाची नाही. आणि उमाला कान आहेत. वाळू आत जाऊ नये म्हणून भोकापुढे खवल्यांची झडप आहे, पण भोक आहे. उलट बिनकानी होलब्रूकिया कितीतरी ठिकाणी घट्ट मातीच्या, खडीच्या, गवताच्या सपाटीवर राहतो. ज्याला गरज अधिक त्याने कान ठेवले आणि ज्याला कमी त्याने बुजवले, असं हे चित्र आहे.

ऑस्ट्रेलियातली गोष्ट याहून स्पष्ट आहे, आणि ती आपल्या सरड्यांच्या कुळातलीच, अगामिडी कुळातली. तिथल्या टिम्पॅनोक्रिप्टिस या बिनकानी वंशातल्या काही जाती वाळवंटाच्या वाटेलाही जात नाहीत. त्या आग्नेय ऑस्ट्रेलियाच्या थंड गवताळ प्रदेशात राहतात आणि चिकण मातीच्या भेगांत, कोळ्यांच्या बिळांत शिरून दिवस काढतात. श्रीलंकेतला ओटोक्रिप्टिस तर जंगलात, पाचोळ्यावर राहतो. त्याचाही कान झाकलेला. आणि हा ओटोक्रिप्टिस आपल्या माळावरच्या, गळ्याला पंखा असलेल्या सरड्यांचा अगदी जवळचा भाऊबंद आहे. सावलीतल्या भावाचा कान बंद, उन्हातल्या भावाचा उघडा. वाळूची कहाणी खरी असती तर हे नेमकं उलटं असायला हवं होतं.

स्टीफन जे गूल्ड आणि रिचर्ड लेवॉन्टिन यांनी १९७९ मध्ये एक गाजलेला निबंध लिहिला. प्राण्याच्या प्रत्येक अवयवामागे काही तरी उपयोग असलाच पाहिजे असं धरून आपण त्या उपयोगाची कथा रचतो आणि ती पटली की तिलाच पुरावा मानतो, हा त्यांचा आक्षेप होता. बिनकानी सरड्यांपुढे मला तो आक्षेप फार खरा वाटतो. एकच उणीव वेगवेगळ्या घराण्यांत वेगवेगळ्या वाटांनी येते. कुठे वाळू कारण असेल, कुठे दुसरं काही. कुठे पूर्वजाकडून मिळालेली घडण पुढे तशीच चालू राहिली असेल, कारण तिच्यामुळे कुणाचं अडलं नाही.

आणि खरोखरच फार अडत नाही. उघड्या कानाच्या सरड्याचे दोन्ही मध्यकर्ण तोंडाच्या पोकळीतून एकमेकांना जोडलेले असतात. समोरासमोर दारं असलेल्या घरात वारा आरपार जावा तसा एका बाजूचा आवाज दुसऱ्या पडद्याला आतून जाऊन भिडतो, आणि एवढ्याशा डोक्याच्या प्राण्याला आवाजाची दिशा नेमकी कळते. पडदा बुजला की ही सूक्ष्मता कमी होते. पण आतला कान, मज्जातंतू, मध्यकर्णातला तो एकुलता एक हाडाचा दांडा, हे सगळं जागेवर असतं. प्रिन्स्टनच्या अर्नेस्ट ग्लेन वीव्हर यांनी कित्येक जातींच्या सरड्यांच्या आतल्या कानात उठणारे सूक्ष्म विद्युतदाब मोजले आणि १९७८ मध्ये सरीसृपांच्या कानावर हजाराच्या घरातल्या पानांचा ग्रंथ लिहिला. बिनकानी म्हणवले जाणारेही ऐकतात, हे त्या मोजमापांतून दिसतं. त्यांची संवेदना मंद असते आणि खालच्या, घुमणाऱ्या स्वरांकडे झुकलेली असते. म्हणजे नाव चुकीचं आहे असंही नाही; ते फक्त बाहेरून दिलेलं आहे.

शिरूर-दौंडकडे बिनकानी प्राणी शोधायचा तर तो वाळूत मिळणार नाही. वाळू इथे आहे, भीमेची वाळू तर उपशासाठी बदनाम आहे. पण नदीची वाळू दर पावसाळ्यात उचलली जाते आणि दुसरीकडे टाकली जाते. पिढ्यान् पिढ्या एका जागी मुरणाऱ्या सरड्याला ती आधार देऊ शकत नाही. बिनकानी प्राणी इथल्या झाडावर आहे: सरडगुहिरा, म्हणजे शॅमेलिऑन, ज्याला काही भागांत घोयरा म्हणतात. दोन डोळे दोन दिशांना फिरवणारा, फांदी चिमट्यात धरणारा. त्याच्या डोक्याला कानाचं भोकच नाही. शॅमेलिऑनच्या काही जातींत आवाजाची कंपनं टाळूजवळच्या एका हाडाच्या पत्र्यावर घेतली जातात, हेही वीव्हर यांच्याच काळातलं संशोधन. आणि येमेनकडच्या एका जातीत प्राणी अंग कंपवून फांदीतून संदेश पाठवतो, असं पुढे दिसून आलं. आपल्याकडे त्याच्या वाट्याला भीती फार आली आहे. तो विषारी आहे, अपशकुनी आहे असं समजून त्याला दगडांनी मारलं जातं. तो विषारी नाही. त्याच्याइतका निरुपद्रवी प्राणी माळावर क्वचितच असेल, आणि ही गोष्ट शाळेत पहिल्याच वर्षी सांगितली पाहिजे असं मला मनापासून वाटतं.

जमिनीवरच्या सरड्यांनी इथे कान ठेवले, पण दुसरं काहीबाही सोडलं. गळ्याला पंखा असलेल्या सरड्यांना मागच्या पायाला चारच बोटं असतात, पाचवं नाही. ते धोका दिसला की मागच्या दोन पायांवर उठून पळतात, आणि तापलेल्या मुरमावर ती धाव पाहणं हा मोठा आनंद आहे. सरड्याची धाव कुंपणापर्यंत म्हणतात, पण ती म्हण बागेतल्या सरड्याची. माळावरच्या या सरड्याला कुंपणाची गरज कधीच नव्हती. दख्खनच्या माळांवर ऑफिसॉप्स नावाचे बारके, चपळ सरडेही आहेत. त्यांच्या पापण्या एकमेकींना जुळून पारदर्शक झाल्या आहेत. डोळा कायमचा झाकलेला आणि कायमचा उघडा. धुळीच्या प्रदेशात हे उपयोगाचं असेल असं लगेच मनात येतं. पण वर लिहिलेलं आठवून मी तो मोह आवरतो.

पंख्याची गोष्ट वेगळी सांगायला हवी. वळवाच्या आधीच्या आठवड्यांत नर एखाद्या धोंड्यावर चढतो आणि गळ्याखालची घडी उघडतो. आत जिभेच्या हाडाचा लांब दांडा असतो. तो पुढे झाला की कातडीचा पंखा ताणला जातो. काही जातींत तो फिकट असतो, काहींत निळा, काळा आणि केशरी. व्ही. दीपक, वरद गिरी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये या रंगीत पंख्याच्या सरड्यांचा वेगळा वंश केला आणि त्याला आपलंच ‘सरडा’ हे नाव दिलं. त्यातली सर्वांत देखणी जाती साताऱ्याच्या चाळकेवाडी पठारावरची. या सगळ्या घराण्याचा जनुकीय इतिहास २०१८ मध्ये मांडला गेला तेव्हा दिसलं की उपखंड कोरडा होत गेला, काही दशलक्ष वर्षांपूर्वी जंगल मागे हटून गवत पुढे आलं, तसतशी यांची विविधता वाढली. ज्या माळाला आपण तोडलेल्या जंगलाचा उरलेला सांगाडा समजतो, तो माणसाच्या कुऱ्हाडीच्या कितीतरी आधीचा आहे. या सरड्यांचं शरीर त्याची साक्ष देतं.

त्याच चाळकेवाडीवर मारिया ठाकर, अमोद झांबरे आणि हर्षल भोसले यांनी पवनचक्क्यांचा परिणाम अभ्यासला. तो निबंधही २०१८ चा. पवनचक्क्यांच्या पट्ट्यात शिकारी पक्षी जवळपास चौपटीने कमी होते. त्यामुळे सरडे वाढले. पण गर्दीतले ते सरडे अंगाने उतरलेले होते, माणूस जवळ येईपर्यंत पळत नव्हते, आणि नरांच्या गळ्यावरचे रंग फिके पडले होते. आकाशातला एक ससाणा, एक तिसा कमी झाला आणि जमिनीवरच्या पंख्याचा निळा रंग उतरला. परस्परसंबंधांविषयी आपण पुष्कळ बोलतो. इथे तो संबंध रंगात मोजलेला आहे.

आता पुन्हा त्या ऑस्ट्रेलियन बिनकानी सरड्याकडे जायला हवं. मेलबर्नच्या पश्चिमेचं गवताळ मैदान नांगरलं गेलं, मग त्यावर वसाहती आल्या. तिथल्या जातीची शेवटची खात्रीची नोंद १९६९ ची होती. पन्नासहून अधिक वर्षं ती कुणालाच दिसली नाही; बहुतेकांनी ती संपली असं धरलं होतं. २०२३ मध्ये ती एका खाजगी जमिनीवर पुन्हा सापडली. एवढा लहान, मातीच्या रंगाचा प्राणी अर्धं शतक माणसांच्या शेजारी राहू शकतो, हे आशादायक आहे. पण तो सापडला तो अजून न मोडलेल्या गवताच्या तुकड्यात.

पुणे जिल्ह्यात असे तुकडे अजून आहेत. सुप्याजवळचं मयूरेश्वर अभयारण्य जेमतेम पाच चौरस किलोमीटरचं, १९९७ मध्ये चिंकाऱ्यासाठी राखलेलं. बाकीचा माळ गायरानात, वनखात्याच्या पट्ट्यांत, खाजगी पोटखराब्यात विखुरलेला. त्याचं भलं करायचं म्हणून जे केलं जातं त्यातलं बरंच त्याला मारक आहे, हे सांगताना मला संकोच वाटत नाही. पडीक जमिनींचे जे राष्ट्रीय नकाशासंग्रह निघाले त्यांत झुडपी माळ पडीक म्हणूनच रंगवला जातो. मग तिथे सलग समतल चर खणले जातात, गिरिपुष्पाची रोपं लागतात. चर खणणारा, रोप लावणारा माणूस चांगल्या भावनेने आलेला असतो. पण खणण्याचा हंगाम उन्हाळ्याच्या अखेरीचा आणि लावणीचा पावसाच्या सुरुवातीचा, वनमहोत्सव जुलैच्या पहिल्या आठवड्यात. आणि नर पंखे उघडत असतात ते याच दिवसांत. पुढे माद्या अंडी घालतात तीही याच मातीत, थोडीशी उकरून. ऊस तर त्यांना पूर्णच बाहेर ठेवतो. या सरड्याला उन्हात तापलेली उघडी जमीन लागते. बिबट्याला उसात घर सापडलं तसं त्याला सापडणार नाही.

२००२ च्या जैविक विविधता कायद्याने प्रत्येक ग्रामपंचायतीने लोकजैवविविधता नोंदवही करायची आहे. पुष्कळ ठिकाणी ती एखाद्या संस्थेकडून भरून घेतली जाते आणि कपाटात राहते. झाडांच्या, औषधी वनस्पतींच्या याद्या त्यात लांबलचक असतात. माळ आणि माळावरचा सरडा बहुधा नसतो. पण कोणत्या बोरीवर घोयरा दिसतो, कोणत्या उंचवट्यावर उन्हाळ्यात ‘गळा फुगवणारे’ सरडे येतात, कोणता तुकडा कधीच नांगराखाली गेला नाही, हे मेंढ्या घेऊन फिरणाऱ्या माणसांना ठाऊक असतं. ते जागेच्या नावासकट, गट नंबरासकट लिहिलं, तर पुढच्या वेळी त्या गटात चर खणण्याचा ठराव येईल तेव्हा ग्रामसभेपुढे दुसरा कागद असेल.