मेजवानीतला मान



आपल्या विदर्भाचे, यवतमाळ जिल्ह्यातील पारव्याला जन्मलेले महेश एलकुंचवार यांनी ‘पार्टी’ हे नाटक लिहिले. त्यावरून गोविंद निहलानी यांनी 1984 साली हिंदी चित्रपट काढला. (पुढे दूरदर्शनवर ‘तमस’ दाखविणारे ते हेच.) दमयंती राणे नावाच्या श्रीमंत बाई लेखक दिवाकर बर्वे यांना पुरस्कार मिळाला म्हणून घरी मेजवानी देतात. गोष्ट म्हणाल तर एवढीच.

पण पाहुण्यांचे बोलणे ऐका. सगळे गोड. कोणाशी ओळख वाढवावी, कोणाला टाळावे, याचा हिशेब मात्र प्रत्येकाच्या मनात चालू असतो. बर्वे यांची मोहिनी, एकेकाळची अभिनेत्री, सर्वांच्या देखत खचत जाते आणि लोक नजर वळवतात. शहर सोडून आदिवासींमध्ये गेलेल्या अमृत या कवीची चर्चा रंगते. तो मेजवानीला आलेला नसतो. शेवटी बातमी येते ती त्याच्या मरणाची.

त्या घरात प्रायश्चित्त संस्काराच्या वेळी नाव घेऊन सांगता येईल असे पाप कोणी केले? मला सापडले नाही. आणि तेच मला बोचते.

शिष्टाचार वाईट नाही. वडीलधाऱ्यांना आधी बसवू नये असे कोण म्हणेल? पण एका लग्नात मी पुढच्या रांगेतली खुर्ची ओढून एका साहेबांना दिली, कारण माझे त्यांच्याकडे काम अडले होते. नवरीचा कोशाचा शालू ज्यांनी आपल्या मागावर विणला, ते काका भिंतीला टेकून उभे होते. त्यांना मी हसून नमस्कार तेवढा केला.

लूकच्या शुभवर्तमानातील 14 वा अध्याय आपण पाहुण्यांसाठी वाचतो: मानाची जागा धरू नका. ते जेवण एका प्रमुख परूश्याच्या घरी होते आणि सर्वांचे डोळे प्रभू येशूवर होते, हे आपण विसरतो. त्याच जेवणात प्रभूने यजमानालाही सांगितले की, परतफेड करू शकत नाहीत त्यांना बोलवा. खुर्ची देणाऱ्याला लागू पडते ते हे.

साहेबांनी माझे काम केले. काकांचे घर आमच्यापासून चार घरे सोडून आहे. मी अजून गेलो नाही.