आईचे हसे

घरातील माणसांची नक्कल ज्याने कधी केली नाही असा मनुष्य विरळा. आत्याबाईंची चालण्याची ढब, आजोबांचे खाकरणे, शेजारच्या काकूंचे न संपणारे गाऱ्हाणे, यांचे सोंग आणून भावंडांना हसविण्यात बहुतेकांचे बालपण गेलेले असते. आणि सोंग ऐन रंगात आले असता ज्याचे सोंग तीच व्यक्ती दारात येऊन उभी राहिली म्हणजे जी धांदल उडते तीही सर्वांच्या परिचयाची आहे. ही धांदल का उडावी? क्षणापूर्वी आपण काही पाप करीत होतो असे आपणांस वाटत नव्हते. मग त्या माणसाच्या नुसत्या येण्याने आपले हसू एकाएकी अपराध कसे ठरते? आम्हांस हा प्रश्न क्षुल्लक वाटत नाही.

ब्राझील देशातील पाउलो गुस्ताव्हो या विनोदी नटाने आपल्या आईचेच सोंग आणले, तेही भावंडांपुढे नव्हे तर साऱ्या राष्ट्रापुढे. त्याचा जन्म १९७८ साली नितेरोई येथे झाला. रिओ द जानेरोच्या उपसागरापलीकडे वसलेले हे शहर. नाट्यशिक्षण घेऊन तो रंगभूमीवर आला, आणि २००६ साली त्याने एकपात्री प्रयोग सुरू केला. त्याच्या नावाचा अर्थ 'माझी आई म्हणजे एक नाटक'. मूळ पोर्तुगीज शब्दात श्लेष आहे: 'पेसा' म्हणजे नाटक, आणि बोलीभाषेत आपण ज्याला 'वल्ली' म्हणतो तसला माणूसही. घरगुती झगा अंगात, केस कुरळे करण्याच्या नळ्या डोक्यावर, आणि तोंडाचा पट्टा अखंड चालू, अशी ही दोना एर्मीनिया. नवऱ्यापासून विभक्त झालेली, मुले वाढून मोठी झाली तरी त्यांना क्षणभर मोकळे न सोडणारी. तिचे बोलणे, तिचा त्रागा, तिच्या धमक्या, सारे त्याच्या आईवरून, देआ लूसिया हिच्यावरून, घेतलेले होते, आणि हे त्याने कधी लपविले नाही. पुरुषाने स्त्रीवेष घ्यावा यात आमच्या वाचकांस नवल वाटणार नाही. नवल आहे ते अमुक एका स्त्रीचा वेष घेण्यात.

प्रयोगाचा २०१३ साली बोलपट झाला व तो ४५ लाखांहून अधिक लोकांनी पाहिला. २०१६ च्या अखेरीस दुसरा आला. २०१९ च्या डिसेंबरात आलेल्या तिसऱ्यास प्रेक्षकांची संख्या एक कोटीच्या वर गेली. आईचे घरातले बोलणे इतक्या लोकांच्या तिकिटांवर विकणारा मुलगा कृतघ्न म्हणावा काय?

यावर पहिले उत्तर मिळते ते असे की, तो आईवर प्रेम करीत होता. हे उत्तर आम्हांस पुरेसे वाटत नाही. प्रेमाच्या माणसांकडूनच मनुष्याचे सर्वात जास्त हसे होते, आणि 'अहो, थट्टा केली' या शब्दांखाली घराघरांत किती क्रौर्य खपते याचा हिशेब कोणी ठेवीत नाही. दुसरे उत्तर असे की, आईची संमती होती. येथे तर आमची शंका अधिकच वाढते. मुलाला आईने दिलेली संमती हिला खरोखर संमती म्हणता येईल काय? मुलाचे नाव होत आहे, त्याचे पोट भरत आहे, एवढे दिसल्यावर 'माझी थट्टा करू नकोस' असे म्हणणारी आई आम्ही तरी पाहिलेली नाही. जी नाही म्हणूच शकत नाही तिच्या 'हो'वर फार मोठे घर बांधू नये.

तेव्हा प्रेम आणि संमती या दोन्ही गोष्टी बाजूस ठेवून, प्रेक्षक नेमका कोणास हसतो एवढेच पाहिले पाहिजे. पहिल्या बोलपटात आपली मुले आपल्याला त्रासदायक समजतात हे एर्मीनियाच्या कानी पडते, आणि ती कोणास न सांगता घर सोडून आपल्या वृद्ध मावशीकडे निघून जाते. एवढीच कथा. परंतु या क्षणापासून प्रेक्षकाची जागा बदलते. आतापर्यंत तो मुलांच्या बाजूस बसून आईला हसत होता. आता जे वाक्य तिच्या कानी पडले ते आपणही कधी काळी, दार नीट लागले आहे असे समजून, उच्चारले होते याची त्याला आठवण होते. हसू थांबत नाही, पण ते उलटून स्वतःवर येते. शिवाय चलाख बोलणे सारे तिच्याच तोंडी आहे. मुलांना उत्तर सुचत नाही. ती अन्यायही करते, लेकीच्या लठ्ठपणावर नको तितके बोलते. पण ती कधी मूर्ख नाही. जिच्या बोलण्याने लोक हसतात ती हास्यास्पद नव्हे, ती विनोदकार होय. या न्यायाने पाहता नाटकाचा खरा लेखक कोण, असाही प्रश्न निघेल. मुलाने आईचे हसे केले म्हणण्यापेक्षा आईच्या जिभेवर मुलगा जगला म्हणणे सत्यास अधिक धरून होईल. हे ऋण त्यालाही कळले असावे. ही बाई एके काळी रात्रीच्या मैफलींत गाऊन संसाराला हातभार लावीत असे. २०१९ साली मुलाने तिला सोबत घेऊन गाण्याचा कार्यक्रम केला आणि तिला तिच्या स्वतःच्या नावाने रंगमंचावर उभे केले. ज्याचे सोंग ते माणूस दारात आले, आणि या वेळी धांदल उडाली नाही.

याच नटाचे एक दुसरे सोंग आहे, व ते दृष्टीआड केल्यास आमचे म्हणणे फार स्वस्त होईल. '२२० व्होल्ट्स' या त्याच्या दूरचित्रवाणीवरील मालिकेत इवोनेच नावाची एक गरीब कृष्णवर्णीय स्त्री होती. ती तो तोंडास काळा रंग फासून करीत असे. नट तोच, हातोटी तीच, स्त्रीवेषही तोच. परंतु कृष्णवर्णीयांनी यास तीव्र आक्षेप घेतला, आणि तो मान्य करून त्याने ते पात्र बंद केले. भेद कोठे होता? त्याच्या हेतूत असेल असे आम्हांस वाटत नाही. भेद हा की, एर्मीनिया ज्या घरातली त्या घरात तो वाढला होता आणि रोज रात्री त्याला त्याच घरी परत जावयाचे होते. इवोनेच ज्या घरातली त्या घराचे दार त्याने बाहेरून पाहिले होते. तो रंग रात्री धुऊन टाकता येत होता. ज्यांना तो धुता येत नाही, आणि ज्या देशात गुलामगिरी १८८८ पर्यंत कायद्याने चालू होती तेथे त्या रंगासाठी ज्यांनी काय काय सोसले, त्यांनी प्रेक्षागृहात बसून हसावे ही अपेक्षा थट्टेची नव्हती, अरेरावीची होती. त्याने चूक मान्य केली हे त्यास भूषणावह खरे. पण ती त्याला कोणी तरी दाखवावी लागली हेही विसरता येत नाही.

२०२१ च्या मार्चमध्ये कोव्हिडच्या साथीत तो रिओतील रुग्णालयात दाखल झाला व सात आठवड्यांनी, ४ मे रोजी, वारला. वय ४२. त्याला व त्याचा पती, त्वचारोगाचे वैद्य थालेस ब्रेतास, यांना दोन लहान मुलगे होते. देशात त्या वेळेपर्यंत चार लाखांहून अधिक माणसे याच रोगाने गेली होती, तरी या एका मृत्यूने पुष्कळांना आपल्याच घरचा कोणी गेल्यासारखे वाटले. आणि ते स्वाभाविकच होते, कारण इतकी वर्षे त्याने त्यांना दाखविले होते ते त्यांचेच घर. पुढे साथीने बुडालेल्या कलावंतांसाठी सुमारे ३८६ कोटी रेआलांच्या साहाय्याचा जो कायदा २०२२ साली झाला त्यास त्याचे नाव मिळाले. राष्ट्राध्यक्षांनी तो नाकारला होता, विधिमंडळाने तो नकार रद्द केला. नितेरोईत इकाराई भागातील ज्या रस्त्याला कर्नल मोरेरा सेझार याचे नाव होते, तो रस्ता २०२१ पासून पाउलो गुस्ताव्होच्या नावाने ओळखला जातो. हा कर्नल १८९७ साली कानुदोसच्या दरिद्री वस्तीवर सैन्य घेऊन चालून गेला व तेथेच मारला गेला. सेनापतीच्या नावाची पाटी काढून विदूषकाची लावणारी नगरे जगात फार नसावीत.

देआ लूसिया पुढे ग्लोबो वाहिनीच्या रविवारच्या कार्यक्रमात येऊन बसू लागली. तेथे ती कोणाचे पात्र म्हणून बसत नाही. ती बोलते, रागावते, मधूनच मुलाची गोष्ट काढते, आणि लोक हसतात.