मुकी करुणा

परक्याचे दुःख पडद्यावर पाहून डोळे पाणावतात, ही करुणा म्हणावी की करमणूक? बाबूराव पेंटरांच्या १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’ या मूकपटात कर्जापायी जमीन गमावलेला शेतकरी शहरात येऊन गिरणीकामगार होतो. व्ही. शांतारामांनी वठविलेल्या त्या शेतकऱ्याचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. त्याची कैफियत प्रेक्षकालाच मनोमन मांडावी लागते. मूकपटाचे नैतिक सामर्थ्य यातच आहे. परंतु काळोखात गाळलेल्या आसवांसाठी पदरचे काही मोजावे लागत नाही; उलट आपण सहृदय आहोत, हे समाधान मात्र फुकट लाभते. चित्रपटगृहाबाहेर भेटणारा कर्जबाजारी मुका नसतो. त्याचे सबंध गाऱ्हाणे, हिशेबाच्या आकड्यांसह, ऐकून घेण्याची ज्याची तयारी, त्याचीच करुणा खरी म्हणावयाची.