नाव ठेवणाऱ्याची जबाबदारी



शूद्राचे नाव निंदावाचक असावे, अशी आज्ञा मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात आहे. आपल्या वाडवडिलांत कचरू, उकंडा, दगडू अशी नावे होती. पण ती सारीच मनूच्या आज्ञेने पडली नाहीत. मुले जगत नसत, म्हणून भ्यालेली आई मुद्दाम हीन नाव ठेवी. चीनमध्येही अशी रीत होती. तेव्हा आजोबांच्या नावाची लाज बाळगू नका. त्यात आईची माया आहे.

१६ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी चांद्यास धम्मदीक्षा दिली. आरमोरी तेव्हा चांदा जिल्ह्यातच होते. आता आपल्या घरांत गौतम, राहुल, सुजाता, प्रज्ञा नांदतात. हे योग्यच झाले.

परंतु मुलीचे नाव प्रज्ञा ठेवायचे आणि धानाच्या रोवण्यासाठी तिची शाळा सोडवायची, हे धम्माला धरून आहे काय? अंगुलिमालाचे मूळ नाव अहिंसक होते, असे बौद्ध परंपरा सांगते. त्या नावाने त्याचा हात धरला नाही. तथागतांच्या उपदेशाने त्याचे आचरण बदलले, तेव्हाच तो अहिंसक झाला.

बारशाला नाव आपण ठेवतो. ते खरे करण्याची पहिली जबाबदारीही आपलीच आहे.

जयभीम!