संस्कृतच्या सरांचा पगार

नाशिकमध्ये महाकवी कालिदास कलामंदिर आहे. ज्या कवीचे नाव या वास्तूला आहे, त्याने ‘मालविकाग्निमित्रा’त शिक्षकाच्या वेतनाचा विषय थेट रंगमंचावर आणला. गणदास आणि हरदत्त हे दोघे नाट्याचार्य राजाच्या पदरी पगारावर आहेत. त्यांची झुंज पाहायला मिळणार नसेल, तर त्यांना फुकट वेतन कशाला द्यायचे, असे विदूषक विचारतो. गणदासही बजावतो, की नोकरी मिळाली म्हणून वादाला भिणारा आणि विद्या निव्वळ पोटासाठी वापरणारा माणूस ज्ञानाचा व्यापारी ठरतो.

यातली ‘विद्या विकू नये’ ही शिकवण आपल्याकडे खोल रुजली. वादाला भिऊ नये, हा अर्धा भाग मागे पडला. म्हणून संस्कृतच्या शिक्षकाचा पगार थकला, की तो मागताना त्यालाच संकोच वाटतो. संस्थाही त्या रकमेकडे दक्षिणेसारखे पाहते: जमेल तेव्हा, जमेल तेवढी.

खरे तर दक्षिणेचा पगार होऊन दोनशे वर्षे उलटली. पेशवाईत श्रावणात पुण्याला विद्वानांना दक्षिणा वाटली जाई. 1821 मध्ये विश्रामबागवाड्यात इंग्रजांनी संस्कृत पाठशाळा काढली, ती याच दक्षिणेच्या रकमेतून. शास्त्रीबुवा तेव्हापासून पगारदार झाले.

आजच्या शाळेत पेच सुरू होतो तो वेळापत्रकापासून. आठवी ते दहावीला काही मुले पूर्ण संस्कृत घेतात, शंभर गुणांचे. काही संयुक्त घेतात, पन्नास गुणांचे, उरलेले पन्नास हिंदीचे. मुले विभागली, की तासिका विभागतात. तासिका कमी, की कार्यभार अपुरा. कार्यभार अपुरा, की संचमान्यतेत, म्हणजे शाळेच्या मंजूर पदांच्या हिशेबात, पद टिकवणे अवघड. मग तेच सर मराठीचे तास घेतात, नाहीतर तासिका तत्त्वावर राबतात. पद टिकले तरी शिक्षणाधिकाऱ्याची वैयक्तिक मान्यता हवी, मग ‘शालार्थ’ या वेतन प्रणालीतला आयडी, मग वेतन पथकाकडे बिल. यातला एक कागद अडला, तरी सर रोज फळ्यावर ‘देव’ शब्द चालवत असतात आणि बँकेच्या पासबुकात नोंद होत नाही.

या अडलेल्या कागदांची किंमत काय होते, हे नाशिकने पाहिले आहे. ऑगस्ट 2021 मध्ये ठाण्याच्या लाचलुचपत प्रतिबंधक विभागाने नाशिक जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागात आठ लाखांच्या लाचेचे प्रकरण नोंदवले. 20 टक्के अनुदान मंजूर झालेल्या शाळांच्या शिक्षकांचे वेतन सुरू करण्यासाठी पैसे मागितल्याचा तो आरोप होता. वर्षानुवर्षे बिनपगारी शिकवलेल्या माणसाच्या पहिल्या पगारावरच हात टाकल्याचा हा आरोप आहे, आणि तो वाचताना मन विटते.

मग दाद कुठे मागायची? कामगार न्यायालयाची वाट गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या खटल्यात बंद झाली. सुंदरांबल प्रकरणात 1988 साली सर्वोच्च न्यायालयाने औद्योगिक विवाद कायद्याखाली शिक्षक ‘कामगार’ नाही, असे ठरवले. महाराष्ट्रात 1977 च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याने शाळा न्यायाधिकरण दिले, पण कलम 9 चे अपील मुख्यतः बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती यांसाठी. नोकरी चालू आहे आणि फक्त पगार नाही, अशा शिक्षकाला बहुधा उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. नाशिककराला त्यासाठी मुंबई गाठावी लागते: पहाटे उठून पंचवटी एक्स्प्रेस, काखेत फाईल, आणि त्या दिवसाची रजा.

न्यायालये शिक्षकाच्या बाजूने बोललीही आहेत. शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता ही नेमणूक वैध होण्याची पूर्वअट नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात सांगितले. 22 ऑगस्ट 2025 रोजी गुजरातमधल्या महिना तीस हजार रुपयांवर राबणाऱ्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सुनावले, की गुरूला ब्रह्मा-विष्णू-महेश म्हणणारा श्लोक समारंभांतून म्हणत राहणे पुरेसे नाही. तो श्लोक मुलांकडून पाठ करून घेणाऱ्या शिक्षकाला या वाक्याचे मोल वेगळे सांगायला नको.

एक गोष्ट मात्र शिक्षकखोलीत फार थोड्यांना ठाऊक असते. चालू राहणाऱ्या अन्यायात याचिका उशिरा केली, तर मागची थकबाकी साधारणपणे तीनच वर्षांची मिळते, असे सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये तरसेम सिंग प्रकरणात सांगितले. म्हणजे ‘संस्था आपलीच आहे, देतील कधीतरी’ असे म्हणत दहा वर्षे गप्प बसलेल्या सरांची सात वर्षांची कमाई बुडू शकते. भिडस्तपणाची ही शिक्षा कुठल्याही पगारदाराला जड, पण भिडेतच वाढलेल्या शास्त्र्याला ती सर्वांत आधी बसते. पहिल्या चुकलेल्या महिन्यातच दोन प्रतींत अर्ज करावा, एक कार्यालयात द्यावी आणि दुसरीवर आवक क्रमांक, तारीख नि शिक्का घेऊन ती नेमणूकपत्राशेजारी जपून ठेवावी.