मृत्यूची भूमिका करणारा नट

इंगमार बर्गमनचा 'द सेव्हन्थ सील' (१९५७) ज्यांनी पाहिलेला नाही, त्यांनीही त्यातला मृत्यू कुठे ना कुठे पाहिलेला असतो. खडकाळ समुद्रकिनारा, पायघोळ काळा झगा, पांढराफटक चेहरा आणि समोर बुद्धिबळाचा पट. पटापाशी बसलेल्या योद्ध्याचं नाव सिनेमाचा शौकीन झटकन सांगेल, मॅक्स फॉन सिडो. मृत्यू कोणी केला, हे विचारलं की बहुतेक जण गप्प होतात.

त्याचं नाव बेंग्ट एकेरोट. जन्म १९२०चा, स्टॉकहोमचा. मृत्यूचा चेहरा विदूषकाचा मुखवटा आणि कवटी यांच्या मधला असावा, असं बर्गमनचं आणि त्याचं ठरलं होतं. रंग फासला की निम्मं काम झालं, असं कुणाला वाटेल. त्यांनी झाडाचा प्रसंग पाहावा. स्काट नावाचा फिरत्या कंपनीतला नट जंगलात झाडावर चढून बसलाय. खालून करवतीचा आवाज येतो. वाकून बघतो तर मृत्यू बुंधा कापतोय! स्काट गयावया करतो, प्रयोग ठरलाय म्हणतो, करार झालाय म्हणतो. एकेरोट थोडक्यात उत्तर देतो आणि करवत ओढत राहतो. आवाज चढवणं नाही, डोळे वटारणं नाही. झाड कोसळतं आणि कापलेल्या बुंध्यावर एक खार येऊन बसते. वसुलीला आलेल्या सभ्य कारकुनासारखा हा मृत्यू आहे. त्याचं कुणाशी वैर नाही, म्हणूनच त्याच्यापुढे रदबदली चालत नाही. ही भूमिका भेसूर करण्याचा मोह किती नटांना आवरला असता?

पुढच्याच वर्षी बर्गमनच्या 'द मॅजिशियन'मध्ये एकेरोटने मरणाच्या दारातला नट रंगवला.

त्याचं फार मोठं काम मात्र रंगभूमीवरचं, आणि ते आपल्याला कधीच पाहता येणार नाही. युजीन ओ'नीलने 'लाँग डेज जर्नी इन्टू नाइट' हे स्वतःच्या घरातलं दुःख मांडणारं नाटक लिहिलं. आपल्या पश्चात पंचवीस वर्षं ते छापू नये, अशी त्याची इच्छा होती. १९५३मध्ये तो गेला आणि त्याच्या पत्नीने, कार्लोटाने, ते स्टॉकहोमच्या ड्रामाटेन या नाट्यगृहाकडे सोपवलं. फेब्रुवारी १९५६मध्ये जगातला त्याचा पहिला प्रयोग तिथे स्वीडिशमध्ये झाला. दिग्दर्शक होता छत्तीस वर्षांचा एकेरोट. त्याच वर्षी उन्हाळ्यात त्याने मृत्यूचा काळा झगा अंगावर चढवला.

एवढं जोखमीचं नाटक ज्याच्या हाती विश्वासाने दिलं गेलं, तो माणूस पडद्यावर इतका संयत का दिसतो, हे त्यावरून कळतं. दुसऱ्याचं दुःख न फुगवता मांडायची त्याला सवय होती. १९७१मध्ये, एक्कावन्नाव्या वर्षी तो गेला. बर्गमनचा विषय निघेल तेव्हा बेंग्ट एकेरोट हे नावही आवर्जून घ्या.