लहान दासी आणि मोठे राष्ट्र

(शास्त्रपाठ : २ राजे, अध्याय ५, ओव्या १ ते १४)



अरामाच्या राजाचा सेनापती नामान ह्याची कथा आपण शब्बाथशाळेत लहानपणापासून ऐकत आलो आहोत. ह्या कथेत दोन राजे आहेत, एक शूर सेनापती आहे, एक संदेष्टा आहे. रथ, घोडे, सोने, रुपे व उंची वस्त्रे आहेत. इतके असूनही कथेचे चाक ज्या हाताने फिरले तो हात ह्यांपैकी कोणाचाही नव्हे. लढाईत धरून आणलेली एक इस्राएली पोर नामानाच्या घरी चाकरीस होती. शोमरोनात देवाचा माणूस आहे, त्याच्याकडे धनी गेले तर बरे होतील, एवढेच तिने आपल्या धनिणीस सांगितले. पुढे नामान रागावून परत फिरला, तेव्हा त्याची समजूत घालून त्यास यार्देनेत उतरविणारेही त्याचे चाकरच होते. पवित्र शास्त्राने त्या मुलीचे नाव लिहिले नाही. तिचा शब्द मात्र राखून ठेवला.

जगाचा इतिहास लिहिणारे बहुधा ह्याच्या उलट करितात. ते नावे राखितात व शब्द विसरतात. अमेरिकेचा इतिहास म्हटला म्हणजे वॉशिंग्टन, लिंकन, एडिसन ही नावे आपणांस आठवतात, आणि ते योग्यच आहे. परंतु राष्ट्राचे मन केवळ थोरांच्या हातांनी घडत नाही. अमेरिकेच्या विद्यार्थ्यांत उठलेल्या एका मोठ्या चळवळीचा धागा आपल्या कोल्हापुरापर्यंत येऊन पोहोचतो. तो आज आम्ही आपणांस दाखवू इच्छितो.

रे. रॉयल गूल्ड वाइल्डर हे अमेरिकन मिशनरी १८४६ साली ह्या देशात आले. आरंभी अहमदनगरास काम करून १८५२ साली ते कोल्हापुरास आले. तेथे त्यांनी शाळा घातल्या व सुवार्ता सांगितली. विरोध पुष्कळ झाला, फळ थोडे दिसले. पुढे प्रकृतीसाठी ते स्वदेशी गेले असता, त्यांना पाठविणाऱ्या मंडळाने कोल्हापूरचे ठाणे पुढे चालवू नये असे ठरविले. माणसांच्या हिशेबात ते ठाणे बुडीत खाती जमा झाले. तरीपण १८६१ साली वाइल्डर आपल्याच जबाबदारीवर कोल्हापुरास परत आले, आणि १८७० साली हे काम अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनने आपल्याकडे घेईपर्यंत ते त्यांनी तसेच चालविले.

ह्याच कोल्हापुरात १८६३ साली त्यांचा मुलगा रॉबर्ट जन्मला. त्याचे बालपण येथेच गेले. ग्रेस ही त्याची थोरली बहीण. पुढे वडिलांची प्रकृती खालावली व हे कुटुंब अमेरिकेत प्रिन्स्टन गावी जाऊन राहिले. रॉबर्ट तेथील कॉलेजात शिकू लागला. ग्रेस माउंट होलिओक येथील मुलींच्या विद्यालयात शिकली. दूर देशी सुवार्तेच्या कामास जाऊ इच्छिणाऱ्या विद्यार्थ्यांची सभा रॉबर्टने १८८३ साली काढली. हे विद्यार्थी वाइल्डरांच्या घरी एका खोलीत जमत, आणि शेजारच्या खोलीत ग्रेस त्यांच्यासाठी प्रार्थना करीत बसे.

१८८६ च्या उन्हाळ्यात मूडीसाहेबांनी माउंट हर्मन येथे कॉलेजांतील विद्यार्थ्यांची सभा बोलाविली. सुमारे २५० तरुण जमले. ती सभा पुरुषांची असल्यामुळे ग्रेस तेथे गेली नाही. परंतु तेथून शंभर तरुण ह्या कामास पुढे येतील असा विश्वास तिने भावाजवळ आधीच बोलून दाखविला होता. सभा संपली तेव्हा खरोखरच शंभर जण पुढे आले होते. त्यांच्यांत जॉन मॉट नावाचा एक विद्यार्थी होता. त्यास पुढे १९४६ साली शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले. नंतरच्या वर्षी रॉबर्ट व त्याचा मित्र जॉन फोरमन हे कॉलेजा-कॉलेजांतून फिरले. त्या वेळी घरी वडील मरणाच्या वाटेवर होते, तरी त्यांनी मुलास मागे ओढले नाही. १८८७ साली ते वारले. १८८८ साली ह्या चळवळीस रीतसर रूप आले, आणि पुढील काही दशकांत तिच्याद्वारे २०,००० हून अधिक तरुण व तरुणी चीन, हिंदुस्थान, आफ्रिका इत्यादी देशांत कामास गेल्या. दूरचे देश अमेरिकेच्या घराघरांत ठाऊक झाले ते पुष्कळ अंशी त्यांच्या पत्रांनी व त्यांच्या शब्दांनी.

आंबोलीच्या डोंगरात हिरण्यकेशीचा उगम आहे. तेथून पश्चिमेचा समुद्र अगदी जवळ. तरी ती पूर्वेस वळते, आपल्या गडहिंग्लजेवरून जाते, घटप्रभेस व पुढे कृष्णेस मिळून थेट पूर्वसमुद्र गाठते. उगमाशी उभे राहणाऱ्यास ते पाणी कोणकोणती शेते भिजवील हे कसे दिसावे? बुडीत म्हणून सोडलेल्या ठाण्याचे पाणी दूरच्या राष्ट्राच्या विद्यालयांत जाऊन निघाले, हेही कोणास दिसले नव्हते.

ह्यावरून आपण तीन गोष्टी शिकू या.

पहिली ही की, आपल्या ठिकाणास तुच्छ मानू नये. खेड्यांत काम करणारे आमचे कित्येक उपदेशक म्हणतात, आमच्या गावी चारच घरे, त्यांतली तरुण मुले मुंबई-पुण्यास गेली, आता येथे राहून काय उपयोग? बंधूंनो, गाव सोडून जाणारे ते मूल आपल्या मंडळीचे नुकसान म्हणून का मोजता? ते बारा वर्षांचे होईपर्यंत तुमच्या हाती होते. त्या बारा वर्षांत तुम्ही त्याच्या मनात काय घातले, हाच खरा प्रश्न आहे.

दुसरी ही की, शेजारच्या खोलीतले काम देव मोजतो. व्यासपीठावर रॉबर्ट होता. भिंतीपलीकडे ग्रेस होती. आणि हीच ग्रेस पुढे आपल्या विधवा आईबरोबर कोल्हापूरकडे परत आली. ज्या हाकेसाठी तिने इतरांकरिता प्रार्थना केली ती तिने स्वतःही ऐकली, आणि इस्लामपूरच्या खेड्यापाड्यांत आपले आयुष्य वेचिले. ज्या माता चुलीपुढे बसून लेकरांसाठी प्रार्थना करितात, ज्या भगिनी वाचता न येणाऱ्या सुनांस शुभवर्तमानातील गोष्टी सांगतात, त्यांनी हे ध्यानात ठेवावे.

तिसरी ही की, कामाचा अभिमान धरू नये. ह्याच पिढीत सर्व जगास सुवार्ता सांगावी असा त्या चळवळीचा घोष होता. ती पिढी गेली, तो घोष पुरा झाला नाही. १९२० नंतर चळवळ ओसरली. परदेशास शिकवावयास निघालेल्या आपल्या देशातच काळ्या-गोऱ्यांचा अन्याय का चालतो, हा प्रश्न तिच्यातील तरुणांनीच विचारला, आणि तो योग्य होता. मनुष्यांच्या चळवळी गवताप्रमाणे आहेत. त्यांच्यांत देवाने पेरलेला दाणा मात्र राहतो. म्हणून अमेरिकेस स्वर्ग समजू नका, आणि कोल्हापुरातून ही गोष्ट निघाली म्हणून आपणही फुगू नका. नामान शुद्ध झाला तो त्या मुलीच्या बळाने नव्हे. तिच्या देवाच्या बळाने.

तेव्हा प्रियहो, ह्या आठवड्यात प्रत्येकाने एक काम करावे. आपल्या गावातील एका मुलास वा मुलीस जवळ बसवावे, त्यास प्रभूविषयी एक गोष्ट सांगावी, व त्याचे नाव घेऊन रोज प्रार्थना करावी. ते मूल कोठे जाईल, कोणाच्या घरी चाकरी करील, कोणत्या देशात राहील, हे देवावर सोपवावे. त्या दासीस धनिणीशी बोलण्याचा एक प्रसंग मिळाला व ती बोलली. आपणांसही तो मिळेल, तेव्हा आपण मुके राहू नये, एवढी कृपा प्रभू येशू ख्रिस्त आपणां सर्वांस देवो. आमेन.